जलसंत्रास

शब्द आधी आला आणि कुत्रे मागून आले. हा क्रम सेवादासाच्या मनातून पुढे कधीच पुसला गेला नाही.

छप्पन सालचा फाल्गुन होता. किन्हीराजाच्या शाळेत वरच्या कचेरीतून एक जाड लिफाफा आला. सरकारी कामकाजात इंग्रजीच्या जागी वापरायच्या नव्या शब्दांची ती यादी होती आणि शिक्षकांचे मत घेण्यासाठी ती गावोगाव फिरवली जात होती. कागदावर चार रकाने होते: शब्द, अर्थ, उपयोग, अभिप्राय. पहिले तीन छापलेले होते. चौथा कोरा होता, आणि तो भरून महिन्याभरात कागद परत पाठवायचा होता.

सेवादास त्या शाळेचा एकटा मास्तर. वय बावीस. दोन मैलांवरच्या तांड्यात तो आईबरोबर राहायचा. पायी यायचा, पायी जायचा, आणि समोरून कुणी येताना दिसले की बोलण्याची पाळी येऊ नये म्हणून वाट सोडून बांधावर चढायचा. माणसांपेक्षा शब्दांशी त्याचे जमे. मुले गेल्यावर तो यादी घेऊन बसला आणि पाचव्या पानावर थबकला.

शब्द होता जलसंत्रास. अर्थाच्या रकान्यात लिहिले होते: पिसाळलेल्या जनावराच्या दंशाने होणारा रोग, यात रोग्यास पाण्याचे भय वाटते. उपयोगाच्या रकान्यात एकच वाक्य होते: जलसंत्रासाची लक्षणे दिसू लागल्यावर इलाज उरत नाही.

त्याने तो शब्द दोनदा हळू उच्चारला. जल म्हणताना जीभ सैल पडत होती आणि संत्रास म्हणताना दातांवर दात येत होते. दोन ओळखीचे शब्द शेजारी बसवले की तिसरेच काही जन्माला येते, याचे त्याला नेहमीच नवल वाटे. मग त्याला बापू, त्याचा बाप, आठवला आणि त्याने पान उलटले.

बापूचे नाव रूपला. तो कोल्हा चावून मेला, तेव्हा सेवादास आठ वर्षांचा होता. तांड्याची रीत अशी, की असे काही चावले तर तांड्याच्या प्रमुखाने, नाईकाने, त्या माणसाला सात विहिरींवर न्यायचे आणि प्रत्येकीत डोकवायला लावायचे. पाण्यात आपलेच तोंड दिसले तर तो सुटला. जनावर दिसले तर त्याला बाजेला बांधायचे, कारण मग तो माणूस आपला राहत नाही. रूपलाने पाचव्या विहिरीवर किंकाळी फोडली होती. त्यानंतरचे दोन दिवस सेवादासाने कुडाच्या बाहेर बसून काढले. आतून बापू पाणी मागायचा, आई वाटी घेऊन जायची, आणि वाटी ओठांजवळ येताच सुंभाच्या गाठी करकरायच्या. तांड्यात या दुखण्याला नाव नव्हते. याले इहिरीनं धरलं, एवढेच लोक म्हणत.

यादी आल्याच्या चौथ्या दिवशी, शाळेतून येताना, वाटेवर पांड्या बसलेला दिसला. पांड्या हे तांड्याचेच पांढरे कुत्रे. रोज ते सेवादासाच्या हातची उरलेली भाकर खायचे. त्याने नेहमीप्रमाणे भाकर पुढे केली. कुत्र्याने भाकरीकडे पाहिलेही नाही. त्याने सेवादासाचे मनगट दातांत धरले, सोडले, आणि कुणाशीच काही वैर नसल्यासारखे मान खाली घालून ते पळसांकडे निघून गेले.

दोन दातांच्या खुणा होत्या. सेवादासाने ओढ्यावर बसून हात पुष्कळ वेळ धुतला, रुमाल बांधला आणि बाही खाली ओढली. घरी आई चुलीपुढे होती. तिने एका माणसाला बाजेवर पाहिले होते. दुसरा दाखवण्याचे धैर्य त्याला झाले नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी पांड्या लखमाच्या गोठ्यामागे मरून पडलेला सापडला. तोंडाला फेस सुकलेला होता. सोमला नाईकाने तांडा गोळा केला. सोमला सत्तरीचा होता, पण त्याचा आवाज अजून रान ओलांडून जायचा.

“कोनाले चावलं असन तं आत्ताच सांगा,” तो म्हणाला. “मंग मले म्हनू नका, का आमाले वाटलं बोरीचा काटा लागला.”

“माह्या वासराले चावलं,” लखमा म्हणाला. “त्याले बी सात इहिरी दाखवाच्या काय, नाईक?”

“दाखव. वासरू तुह्याहून शहानं हाये. ते काठावरून मांगं तं सरकन.”

लोक हसले. सोमला हसला नाही. त्याची नजर फिरत फिरत सेवादासावर आली.

“मास्तर, तुमी शिकेल मानूस. सरकारच्या कागदात याचं काई लिवलं हाये का?”

सेवादासाने रुमाल बांधलेला हात पाठीमागे नेला. “नाई,” तो म्हणाला.

बायकांच्या घोळक्यात त्याची आई गोमतीबाई कुडाला टेकून, एका पायावर भार देऊन उभी होती. तिनेही मान हलवली नाही. दुपारपर्यंत कुत्रे पुरले गेले आणि लोक आपापल्या कामाला लागले.

सेवादासाचे खरे भय त्या दिवसापासून सुरू झाले. पहाटे उठला की तो आधी लोटा भरायचा, दाराकडे पाठ करायचा आणि पाण्याकडे टक लावून पाहायचा. मला याचे भय वाटते का? हा प्रश्न विचारला की छाती धडधडायला लागायची. मग घोट घ्यायचा. घोट जायचा, पण जाताना गळा जरासा आवळायचा, आणि तो आवळला की नाही हे तपासायला दुसरा घोट घ्यावा, तर तो अधिकच आवळायचा. हे पाण्याचे भय, की भयाचे भय, हे ओळखायची खूण कोणत्याच रकान्यात नव्हती. अकोल्याच्या सरकारी दवाखान्यात पोटात सुया देतात, हे त्याला ठाऊक होते. पण उपयोगाच्या रकान्यातले ते वाक्य त्याच्या वाटेवर येऊन बसले होते. लक्षणे दिसू लागल्यावर इलाज उरत नाही. आपल्याला तर रोज दिसतात. मग अकोल्याला जाऊन करायचे काय? शब्दाचा अर्थ त्याला इतका नेमका कळला होता, की त्या अर्थातून बाहेर पडायला फटच राहिली नव्हती.

वर्गात त्याने फळ्यापाशी ठेवलेली पाण्याची घागर मागच्या कोपऱ्यात हलवली. ओढा ओलांडताना तो डोळे मिटू लागला. शुद्धलेखन घालताना एकदा त्याच्या तोंडून ‘जल’ एवढाच शब्द निघाला आणि तीस पाट्या पुढच्या अक्षराची वाट पाहत थांबल्या.

त्यातच आईचे काहीतरी बदलले. जेवताना ती त्याच्या लोट्याकडे पाहू लागली. स्वतः प्यायची ती मात्र तोंड फिरवून, पदर पुढे ओढून. भर दुपारी ती कुठेतरी जाऊ लागली. एका संध्याकाळी शेजारच्या चंदाबाईने त्याला अंगणात अडवले.

“मास्तर, तुही याडी रिकाम्या हातानं इहिरीवर जाते म्हनते. पानी का आता डोळ्यातून भरून आनते ती?”

याडी म्हणजे आई. तांड्यात सगळे आईला तसेच म्हणत. चंदाबाई हसत घरात गेली. सेवादास अंगणातच उभा राहिला. तिला कळले, असे त्याला वाटले. ती आपल्यासाठी विहिरी पाहून ठेवते आहे. कोणत्या सात, कोणत्या क्रमाने. एक दिवस ती सोमलाला बोलावील आणि सुंभ आणायला सांगेल.

चावल्याला नऊ दिवस झाले, तो रविवार होता. दुपारी आई निघाली आणि तो मागे गेला. उन्हाने वाट पांढरी पडली होती, मोहाची फुले पायांखाली चुरडत होती. तांड्याच्या विहिरीवर ती थांबली, काठाला हात टेकून वाकली, आत पाहिले आणि पुढे निघाली. मग पाटलाच्या विहिरीवर. मग ओढ्याकाठच्या दोन. पाणी शेंदले नाही, कुणाशी बोलली नाही. चालताना तिचा डावा पाय किंचित ओढत होता. बांधाआडून तो मोजत होता, आणि सहाव्या विहिरीपाशी त्याचे मोजणे थांबले. ही आपल्यासाठी पाहणी नव्हती. हे जीव द्यायला विहीर निवडणे होते. बापू गेल्यानंतर एकदा ती अशीच काठावर बसली होती आणि बायकांनी तिला ओढून आणले होते.

सातवी विहीर दूरच्या एका शेतातली, खोल आणि कठडा ढासळलेली. काठाला दोर लावलेली बादली पडली होती. आई इतकी वाकली की तिच्या गळ्यातले पैशांचे हार खाली लोंबू लागले. सेवादास धावला आणि त्याने तिचा दंड धरला. ओढता ओढता त्याचाही तोल पुढे गेला, आणि खाली काळ्या पाण्यात दोन तोंडे शेजारी आली.

आई दचकली नाही. पाण्यातल्या त्याच्या तोंडाकडे ती जरा वेळ पाहत राहिली, मग मागे सरून खाली बसली.

“काहून आला मांगं?”

“तू उडी टाकत होती.”

“येडा हाये का तू? उडी टाकाले सात इहिरी लागतात?” तिने घागऱ्याची कड वर केली. डाव्या पोटरीवर चार काळपट खुणा होत्या. “पांड्यानं धरलं. मेला त्याच्या आदल्या दिवशी. घागऱ्यानं वाचवलं थोडं. मनले म्हनलं, नाईकाले सांगतलं तं तो तुह्यासमोर मले बांधन. तू एक डाव पाह्यलं. म्हनून मीच माह्या इहिरी पाहून राह्यली.”

सेवादासाने बाही वर केली. रुमाल सोडला.

आईने ते मनगट हातात घेतले. तिने खुणांवरून अंगठा फिरवला. “कधी?”

“तुह्या आंधी. एक दिवस.”

“आन् गपच बसला.”

“तू तरी.”

मोटेच्या धावेवर एक होला घुमत होता. मग सेवादासाला सगळे फुटून आले: तो कागद, तो शब्द, त्याचे दोन तुकडे, उपयोगाचे ते वाक्य, रोज पहाटेचा लोटा आणि आवळणारा गळा. आईने शब्द एकदा म्हणून पाहिला. तिच्या जिभेवर तो अर्धाच बसला. तिने तो सोडून दिला.

“तुह्या बापानं पानी मागतलं,” ती म्हणाली, “पन वाटी जवळ आली का मान फिरवे, आन् गळ्यातून आवाज निंघे. म्या पाह्यलं ते, दोन दिवस. तुह्यं तसं नाई. तू इहिरीच्या काठावर धावत आला. खाली पाह्यलं बी. बापू आला असता काय?”

“पन गळा आवळते, याडी.”

“माहा बी आवळते. भेव हाये ते.”

तिने बादली सोडली. दोर सरकताना दोघांनीही मुठी घट्ट केल्या; खालून बादली पाण्यावर आपटल्याचा आवाज आला तेव्हा सेवादासाचे डोळे आपोआप मिटले. वर आलेली बादली तिने दोघांच्या मध्ये ठेवली, ओंजळ भरली आणि त्याच्या तोंडापुढे धरली.

पाणी थरथरत होते. ती हलत होती की तो, ते कळत नव्हते. त्याने ओठ लावले. पहिला घोट गळ्याशी अडला. तिथे तो किती काळ राहिला कोण जाणे. त्या अवधीत त्याला कुड दिसला, सुंभ दिसले, पाचवी विहीर दिसली. मग घोट खाली गेला. दुसरा गेला. तिसरा जाताना गळा आवळलाही नाही. मग त्याने ओंजळ भरली आणि आई प्यायली. पाणी हनुवटीवरून ओघळले आणि या खेपेला तिने तोंड फिरवले नाही.

“अकोल्याची मोटार सकायी मालेगावातून निंघते,” तो म्हणाला.

संध्याकाळी सोमलाच्या दारावरून जाताना गोमतीबाई आपण होऊन थांबली. चावल्याचे तिने सांगितले, दोघांचेही. सोमला खाटेवरून उठला. त्याचा हात नकळत दारामागे टांगलेल्या दोराकडे गेला.

“सात इहिरी झाल्या?” सोमलाने विचारले.

“झाल्या.”

“कुत्रं दिसलं?”

“नाई,” आई म्हणाली. “पोरगं दिसलं.”

सोमला तिच्याकडे पाहत राहिला. मग दोरावरचा हात त्याने काढून घेतला. “मालेगावापावतर माही बैलबंडी नेजा,” तो म्हणाला. “पायानं काहून चालता.”

अकोल्याच्या दवाखान्यात वहीत नाव लिहून घेणारे दौलतराव म्हणून एक गृहस्थ होते. त्यांच्या नाकावर चष्मा आणि जिभेवर सदा काहीतरी थट्टा असे.

“मायलेक एकाच कुत्र्याचे?” ते म्हणाले. “बरं केलं. आमाले कुत्रं एकदाच लिवा लागन.”

सेवादास वाकून वहीत पाहत होता. त्याला वाटले होते, इथे तरी तो शब्द भेटेल. दौलतरावांनी दोघांच्या नावांपुढे लिहिले: कुत्रा चावला. आणि खाली ओढलेली रेघ टिपकागदाने टिपली.

डॉक्टरांनी खुणा पाहिल्या, दिवस मोजले. “उशीर केलात, पण इलाज आहे,” ते म्हणाले. “चौदा दिवस रोज यायचं. आणि पुढचे तीन महिने गेल्याशिवाय मी छातीठोक काही सांगणार नाही.”

चौदा दिवस मायलेक धर्मशाळेत राहिले. पोटावर सुयांच्या गाठी आल्या. रात्री कुशीवर वळता येत नव्हते. दहाव्या दिवशी सेवादासाने पिशवीतून यादी काढली, कारण ती परत करण्याची मुदत संपत आली होती. जलसंत्रासापुढचा रकाना अजून कोरा होता. त्याने बोरू दोनदा शाईत बुडवला आणि दोनदा पुसला. मग लिहिले:

“शब्द अचूक आहे. परंतु उपयोगाचे वाक्य बदलावे. हा शब्द अखेरच्या दोन दिवसांचा आहे. त्याआधी बरेच दिवस हाती असतात आणि तेव्हा इलाज असतो. ते दिवस माणूस भीतीने गप्प राहून घालवतो. वाक्य असे असावे: कुत्रे चावल्यास त्याच दिवशी कुणाला तरी सांगावे.”

वाचून पाहिल्यावर त्याला ते फार धीट वाटले. खोडावे म्हणून त्याने बोरू उचललाही. पण तेवढ्यात आईने लोटा भरून आणला आणि त्याने बोरू खाली ठेवला.

दवाखान्याच्या पहिल्या दिवसापासून दोघांचा हा नेम झाला होता, आणि पुढे तांड्यात परतल्यावरही आषाढापर्यंत, डॉक्टरांचे ते तीन महिने पुरे होईपर्यंत, तो चालू राहिला. दिवे लागले की एकच लोटा मध्ये ठेवायचा. आधी एकाने प्यायचे, मग दुसऱ्याने. पिणारा डोळे मिटून घ्यायचा. दुसरा मात्र पापणी न लववता त्याच्या गळ्याकडे पाहत राहायचा, घोट पुरता खाली उतरेपर्यंत.