पूरमायची पाठ

अपर्णाबेननी पिशवीतून मोजायचा टेप काढला, तशा मालतीबाई दोन पावलं पुढे सरकल्या. नवागामच्या वस्तीत सरकारी टेप निघाला की कुणाची तरी भिंत पाडली जाते, हे शेंबडं पोरही सांगेल.

"मापे लेवाले लागनी ती," शेजारचे दगाभाऊ ओट्यावरून पुटपुटले. "आते सरकारी बाई दिसस माले."

अपर्णाबेन म्हणे जमिनीतून जुनी देवळं उकरून काढणाऱ्या. गेले तीन रविवार निंबाखाली बसून त्या गल्लीला देवांचा इतिहास सांगत होत्या. तापीकाठच्या माणसांनी आधी पाण्यालाच आई म्हटलं, मूर्ती फार मागाहून आल्या, असलं काहीबाही. कापडाच्या लूमवरून पाळी संपवून आलेले बाप्येसुद्धा आ वासून ऐकत. मालतीबाई तेवढ्या लांब उभ्या राहून बघत. इतकं गोड बोलणारी बाई फुकट कशाला येईल?

आज त्या पूरमायचं, निंबाखालच्या शिळेचं, वय सांगणार होत्या. तापीच्या मोठ्या पुराच्या साली पाणी ओसरलं, तेव्हा निंबाला टेकून ही शिळा उभी दिसली, असं सारी गल्ली सांगे. शेंदूर, चांदीचे डोळे, श्रावणात नैवेद्य. पुजारीण मालतीबाईच. त्यांना नाव असं उरलंच नव्हतं. सगळे 'पूरमायवाली' म्हणत.

"हिची पाठ बघते हं," अपर्णाबेन म्हणाल्या.

मालतीबाई आडव्या गेल्या. "पाठ नका देखू. कोप व्हई."

"मावशी, नुसता हात लावते."

शिळा आणि बुंधा यांच्या फटीत त्यांनी हात घातला. बोटं वर गेली, खाली आली, थांबली. मग त्या मालतीबाईंच्या कानाशी वाकल्या.

"मिरची की लसूण?"

मालतीबाईंनी चोरून गल्लीकडे पाहिलं. शिळेच्या पाठीला टाकी लावलेल्या खाचा होत्या. सासूने गावाकडून, पारोळ्याहून आणलेला चटणीचा पाटा तो! पुरानंतर धुऊन मालतीबाईंनीच इथे वाळत ठेवला होता. संध्याकाळी न्यायला आल्या, तर त्यावर हळदकुंकू वाहिलेलं. हात जोडून उभ्या असलेल्या बायांना सांगायचं तरी कसं?

"दोन्ही," त्या हळूच म्हणाल्या.

"मग बेन, किती जुनी शे आमनी माय?" दगाभाऊंनी विचारलं. "हजारेक वरीस?"

अपर्णाबेननी टेप गुंडाळला. "खोटं मी सांगणार नाही. पण हे माझ्यापेक्षा मावशींना जास्त माहीत आहे."

सगळी तोंडं वळली.

"पाटा शे तो," मालतीबाई म्हणाल्या. "मन्ही सासूना. मी वाळाले ठेयेल व्हता."

कुणी हसलंसुद्धा नाही. दगाभाऊंनी चपला पायात सरकवल्या. "म्हंजे अठरा वरीस आम्ही चटनीना पाटाले नवस बोलनूत?"

"पुष्कळ ठिकाणी असंच सुरू झालं असेल," अपर्णाबेन म्हणाल्या, "फक्त सांगणारं कुणी उरलं नाही." पण ऐकायला तोवर कुणी थांबलंच नव्हतं.

सोमवारी सकाळी निंबाखाली उदबत्ती नव्हती. मालतीबाईंनी खाटेखालचा वरवंटा काढला. इतकी वर्षं बिचारा एकटाच पडून होता. पदराने पुसून त्यांनी तो पाट्याच्या पायाशी ठेवला आणि घरी जायला वळल्या.

समोर दगाभाऊंची बायको मनीषा, हातात कुंकवाचा करंडा. तिने रोजच्यासारखं पाट्याला कुंकू लावलं. मग बोट वरवंट्यावर तसंच धरून थांबली.

"ह्याले बी लावू का, मालतीबाई?"