पालथी घातलेली परात

मी एक जुनी जर्मनची, म्हणजे ॲल्युमिनियमची परात आहे. माझा काठ एका जागी चेंबलेला आहे. मी सांगते आहे ती गोष्ट २०२१ सालच्या श्रावणातली. मित्रांनो, परात पालथी घालणं ही किती साधी गोष्ट! पण तीही एखाद्याच्या जिवावर बेतू शकते, हे मी त्या श्रावणात पाहिलं.

आधी माझं तरुणपण सांगते. फुलसावंगीच्या बाजारात भांडेवाल्याने मला बोटाने वाजवून दाखवलं, तेव्हा चंदाबाई नवी नवरी होती. मला डोक्यावर पालथी धरून, उन्हाला आडोसा करत ती बंजाऱ्यांच्या तांड्यावर, सासरी आली. पुढे कित्येक वर्षं तिने माझ्यात ज्वारीचं पीठ मळलं. तिच्या हातभर पांढऱ्या बांगड्या माझ्या काठावर वाजायच्या. "या परातीत पीठ मळलं की भाकर फाटत नाही," असं ती शेजारणींना सांगायची आणि मी मनातल्या मनात चमकायची.

मग एकदा बैलाचा पाय माझ्यावर पडला. थोरल्या लेकाच्या, सुनीलच्या लग्नात स्टीलची परात आली आणि मी चुलीजवळून अंगणात गेले. तिथे भुरी कुत्रीचं पाणी माझ्यात ठेवू लागले. सुरुवातीला मला फार वाईट वाटलं. पण पाणी पिऊन झालं की भुरी माझ्या चेंबलेल्या काठावर हनुवटी टेकून झोपायची. हळूहळू तेच माझं सुख झालं.

त्या श्रावणात भुरीला खाज सुटली. खाजवून खाजवून पाठीचे केस गेले. घरधनी रामसिंगांनी जळकं ऑइल चोळून पाहिलं, पण गुण आला नाही. शेवटी त्यांनी तिला जनावरांच्या दवाखान्यात नेऊन इंजेक्शन दिलं.

"डॉक्टर म्हणे, खाज थांबन," घरी येऊन ते म्हणाले. "पण आता हे पाणी लय पिईन, भूक लय लागन, अन् घडीघडी मुतन."

तसंच झालं. दुसऱ्या दिवशी सकाळी भुरीने मला तळापर्यंत चाटून कोरडं केलं, पुन्हा भरलं तेही संपवलं. आणि नुकत्याच सारवलेल्या अंगणात ठिकठिकाणी ओलं करून ठेवलं.

रामसिंग तांड्याचे नाईक, म्हणजे प्रमुख, म्हणून पोरींची तीज आमच्याच अंगणात होती. बांबूच्या टोपल्यांत गहू पेरलेले, वर हिरवे कोंब आलेले. तीज हा कुमारिकांचा सण. धाकट्या लेकीचं, संगीताचं लग्न ठरलं होतं. तिची ही शेवटची तीज. त्यात कसलाही विटाळ होऊ नये, याची चंदाबाईला काळजी.

"काहून वं भुरे, तुले हेच आंगन दिसलं?" असं म्हणत तिने भुरीला खुंट्याला बांधलं, माझ्यातलं पाणी ओतलं आणि मला पालथं घातलं. "पाणीच नाही भेटलं, त मुतन कशी?"

"डॉक्टरनं पाणी बंद करा असं नाही सांगतलं," रामसिंग म्हणाले.

"मंग डॉक्टरले म्हना, येऊन आंगन सारव!"

रामसिंग वावरात निघून गेले.

ऊन चढलं. भुरीने माझा तळ चाटला. नाकाने ढकलून मला उलटवायचा प्रयत्न केला. माझी कड मातीत घासली, पण मी काही उलटले नाही. मित्रांनो, पालथ्या भांड्याने कुणाला काय द्यावं? धापा टाकत टाकत तिने माझ्या पाठीवर डोकं टाकलं, आणि मग तिच्या धापाही मंद झाल्या.

दुपारी पोरी डोक्यावर पाण्याच्या घागरी घेऊन, गाणी म्हणत तीजला पाणी घालायला आल्या. संगीताचं गाणं मधेच थांबलं. तिने आईला हाक मारली.

"याडी, भुरी डोकं उचलून नाही राह्यली!"

तिने मला सरळ केलं आणि डोक्यावरची अख्खी घागर माझ्यात रिकामी केली.

चंदाबाई धावत आली. "अवं, तीजचं पाणी कुत्रीले?"

"तीज सकाळपासून दोनदा प्याली, याडी. हे एकदाबी नाही."

संगीताने ओंजळीने भुरीचं तोंड ओलं केलं. थोड्या वेळाने जीभ हलली, आणि मग तो ओळखीचा लपलप आवाज! तोवर कुणीतरी डॉक्टरांना फोन लावून चंदाबाईच्या हाती दिला.

"पाणी तोडलं होतं?" डॉक्टर ओरडलेच. "बाई, या इंजेक्शनने लघवी जास्त होते, म्हणून तहान लागते. पाणी बंद केलं तरी लघवी थांबत नाही; जनावर आतून आटत जातं. काही दिवसांत हे ओसरेल. आता थोडं थोडं पाजा. ओकली, तोंड सुजलं किंवा उठली नाही, तर लगेच घेऊन या."

चंदाबाईने आत जाऊन स्वतः पाण्याचं पातेलं आणलं आणि भुरीपुढे बसली. "पी माय, पी. आंगन मी पुन्हा सारवीन."

संध्याकाळी भुरी उठून उभी राहिली. चंदाबाईने तिला आणि मला कुंपणाबाहेरच्या निंबाखाली नेलं. "हिचं पाणी भरू भरू माहे हात गेले," असं रोज कुरकुरायची, पण मला काठोकाठ भरायची.

तीजच्या शेवटच्या दिवशी पोरींनी हिरवे कोंब वाटले. रामसिंगांनी आपला कोंब पागोट्यात खोवला. चंदाबाईने तिचा भुरीच्या पट्ट्यात अडकवला. "तीजनं आपलं पाणी हिले देल्लं, मंग हे पानबी हिचंच!" सगळ्या पोरी हसल्या.

पुढे संगीता दिग्रसकडे सासरी गेली; तिच्याही दारात आता एक कुत्रा आहे. डॉक्टरांची बदली झाली. रामसिंगांनी नाईकपण पुतण्याला, देवसिंगला दिलं. आता ते बाजेवर बसून सगळ्यांना सल्ले देतात. भुरी म्हातारी होऊन निंबाखालीच गेली, पाठीवर दाट केस घेऊन. तिच्यानंतर भंगारवाल्याने मला उचललं, तेव्हा चंदाबाई म्हणाली, "ठेव ते. मोडीची नाही हाये."

आता भुरीची लेक माझ्यातलं पाणी पिते. तुमच्याही घरी मुकं जनावर असेल, मित्रांनो. इंजेक्शन डॉक्टर देतात. त्यानंतरची तहान घरच्यांनी सांभाळायची असते. दिवस मावळताना चंदाबाई अजून माझ्यात हात बुडवून पाहते, पाणी आहे ना. तिच्या बांगड्या माझ्या काठावर वाजतात, पीठ मळताना वाजायच्या तशाच.