लांब खात्यातली वच्छला

सोलापुरातल्या एका गिरणीत १९३१ साली लांब खातं सुरू झालं. रोज सकाळच्या भोंग्याला माणसं त्या खात्यात शिरायची आणि दुपारी बाहेर यायची, पण तेवढ्यात आत पुरा आठवडा उलटलेला असायचा. आतच जेवण, आतच झोप, आतच कांड्यांवर सूत भरायचं, आणि आठवड्याची मजुरी घेऊन त्याच दुपारी घरी. काळ ताणणाऱ्या त्या यंत्रावर देखरेख ठेवायला सरकारनं काळ नियमन मंडळ नेमलं होतं. मंडळाच्या परवान्याशिवाय यंत्र फिरत नसे.

वच्छला त्या खात्यात गेली ती लेकीपायी. नवरा तापानं गेला तेव्हा तानी रांगत होती. मोडनिंबहून वच्छला लेकीला घेऊन जुळ्या बहिणीकडे, रंभाबाईकडे, चाळीत राहायला आली. साध्या खात्यात गेली असती तर लेक दिवसभर दुसऱ्याच्या मांडीवर वाढली असती. इथं तानी झोपेतून उठायच्या सुमारास जायचं आणि दुपारपासून तिच्याजवळ बसायचं. रंभाबाईला हे पटलं होतं. तिनंच जामीन राहून बहिणीचं नाव घातलं.

पहिल्या वर्षी वच्छला नुसती वाळल्यासारखी दिसली. मग केस पांढरे झाले, दात गेले. कधी थोडी रजा घे म्हटलं की ती म्हणायची, तानी जरा मोठी होऊ दे. चौथ्या वर्षी तानी रंभाबाईला आये म्हणू लागली आणि आईला म्हातारे. वच्छला त्यावर हसली. रंभाबाईनं मात्र त्याच दिवशी, खातं बंद करा म्हणून मंडळाकडं जायचं ठरवलं.

मंडळावर तिघं होते. अध्यक्ष आबासाहेब, निवृत्त न्यायाधीश. गिरणीमालकांचा एक माणूस. आणि कामगारांच्या वतीनं हिंदुराव. हिंदुराव पूर्वी गिरणीतच जॉबर, म्हणजे मजुरांवरचा मुकादम होता आणि रंभाबाईच्याच चाळीमागं राहायचा. त्यानंच अर्ज लिहून दिला आणि सांगितलं, की दोघी बहिणींनी नुसतं शेजारी उभं राहावं, बाकी काही बोलायला नको.

स्टेशनजवळच्या बंगल्यात सुनावणी झाली. दोघी उभ्या राहिल्या. या जुळ्या असल्याचा पुरावा काय, असं आबासाहेबांनी विचारलं. मोडनिंबची सुईण बजाबाई मुद्दाम आली होती. आपल्याच हातावर दोघी जन्मल्या, थोरली वच्छला, असं तिनं सांगितलं. मग तिनं वच्छलाच्या गालावरून हात फिरवला आणि तिला रडू फुटलं.

"पोरी, तू माज्यापरीस म्हातारी झालीस की गं."

आबासाहेबांनी लेखणी खाली ठेवली. रंभाबाईला वाटलं, झालं, आता खातं बंद होणार. मालकांच्या माणसानं कुणावर जबरदस्ती नसल्याचं सांगितलं. तिघं आतल्या खोलीत गेले आणि परत आले. आबासाहेबांनी निकाल वाचला.

"एकाच घरातली काही माणसे आत व काही बाहेर राहिल्याने हे दुःख उत्पन्न झाले, असे मंडळाचे मत आहे. सबब यापुढे आत जाणाऱ्याने आपली मुलेबाळेही सोबत न्यावीत. एरवी प्रवेश मिळणार नाही."

निकाल एकमताचा होता. रंभाबाईनं हिंदुरावाला पायरीवर गाठलं.

"तुमी बी व्हय म्हणालात?"

"खातं बंद केलं तर गिरणी हितं ऱ्हात न्हाय, वैनी. निम्मी चाळ उपाशी मरंल."

"म्हणून पोरं आत घालायची?"

"आईबाच्या बरोबर तरी ऱ्हातील की."

तो मनापासून बोलत होता. रंभाबाईला त्याचीच जास्त भीती वाटली.

वाटेत वच्छलानं एकच सांगितलं, "माजं झालं ते झालं. तानीला तितं न्हेऊ नगं."

दुसऱ्या दिवसापासून ती गेली नाही. दुसऱ्या कुठल्या गिरणीत तिला कुणी घेतलं नसतं. डोळ्यांना दोरा दिसत नव्हता. आता सगळा दिवस लेक जवळ होती. ती उंबऱ्यात बसून तानीची वेणी घालायची, पण चाचपून. लेकीचं तोंड तिला धड दिसत नव्हतं. उन्हाळ्याच्या तोंडाला ती अंथरुणाला खिळली आणि आठवडाभरात गेली. डॉक्टरनं कारण लिहिलं, म्हातारपण. रंभाबाईचा तेव्हा एक केसही पिकला नव्हता.

चाळीतल्या बाकीच्या बाया पोरं घेऊन आत जाऊ लागल्या. शेजारची केराबाई तानीच्याच वयाच्या आपल्या मायाक्काला घेऊन जायची. मायाक्का आणि तानी रोज सागरगोटे खेळायच्या. पावसाळा संपला तेव्हा मायाक्का तानीपेक्षा हातभर उंच झाली होती. मग ती खेळायला येईनाशी झाली. तानी दारात जाऊन हाक मारायची. मायाक्का पाणी भरत असायची, नाहीतर भाकरी थापत. एकदा तिनं तानीला मांडीवर घेतलं आणि तिचं नाक पुसलं. तानी रडत घरी आली. आपण कधी मोठ्या होणार, असं तिनं रंभाबाईला विचारलं.

पुढच्या उन्हाळ्यात मायाक्काचं अक्कलकोटकडं लग्न ठरलं. मांडव चाळीतच घातला होता. हिंदुराव आला होता, आबासाहेबांनी आहेर पाठवला होता. गर्दीत तानीला नवरी दिसेना, म्हणून रंभाबाईनं तिला कडेवर घेतलं, आणि तिथून तिनं आपल्या मैत्रिणीवर अक्षता टाकल्या.