घोडा महिन्याचं तिसावं भोक

काशाच्या पत्र्यावर चूक खोडता येत नाही. मेणावर येते.

*

माझ्या चुलतभावाला दोन नावं आहेत. नगराच्या सभेत तो सबिनुस असतो, घरी ब्रिक्कोस. ब्रिक्कोस म्हणजे ठिपक्यांचा. लहानपणी त्याच्या नाकावर वांग होते, ते अजून आहेत.

*

बार्लीची भाकरी थापताना हात गुंतलेले असतात, कान मोकळे असतात.

*

आमचा दिवस सूर्य मावळला की सुरू होतो. रोमी तहसीलदाराला हे तीन वेळा समजावून सांगितलं. तिसऱ्यांदा तो हसला आणि म्हणाला, म्हणजे तुम्ही नेहमीच अर्धा दिवस पुढे असता. मग कर उशिरा का भरता?

*

गिरमिट तापलं की तेलात बुडवायचं. नाहीतर भोकाची कड फाटते आणि खुंटी हलते.

*

बाबा वैद्य आहेत असं आम्ही सांगत असू. ते ड्रुइड होते, आमच्या जुन्या देवांचे पुरोहित. सम्राटाच्या बंदीहुकमानंतर हा शब्द कोणी मोठ्यानं उच्चारत नव्हतं.

*

आता नीट सांगते.

माझं नाव लितुमारा. आम्ही सेक्वानी टोळीचे, दुबिस नदीकाठचे. सासऱ्यांचा काशाचा कारखाना होता, घोड्यांच्या लगामाच्या कड्या करायचा. नवरा गेल्यावर तो मी चालवते. रोमी अक्षरंही तिथंच शिकले, कारण फौजेला कड्यांवर छाप लागतो.

बाबा, मातुगेन, टोळीचे गणक. सण कधी, पेरणी कधी, कुठला महिना तीस दिवसांचा म्हणजे पुरा, कुठला एकोणतीसचा म्हणजे उणा, जादा महिना कधी घालायचा, हे सगळं त्यांना तोंडपाठ. पाच वर्षांचे बासष्ट महिने. हे लिहायचं नाही, असा पूर्वीपासूनचा नियम. त्यांच्याकडे सहा शिष्य होते. हुकूम आला आणि एकेक करून सगळे पांगले.

मग बाबांच्या डोळ्यांवर पडदा आला आणि छातीत खोकला बसला. एका सकाळी ते कारखान्यात आले, चाचपडत बाकावर बसले आणि म्हणाले, "लितू, पत्रा घे. अक्षरं त्यांची घाल. बोली आपली राहू दे."

ठरलं ते असं. रोज दुपारी बाबा गणकाच्या तिवईवर बसून पाठ म्हणणार आणि मी कोरणार. दर महिन्याचं नाव, पुरा की उणा, आणि दर दिवसाला एक भोक. पत्रा देवळात लागला की रोज संध्याकाळी कोणीतरी खुंटी एक भोक पुढे सरकवेल. मग गणक नसला तरी चालेल.

तिवईचा एक नियम होता. पाठ चालू असताना गणकाला कोणी टोकायचं नाही. टोकलं आणि चूक खरी निघाली, तर तो उठतो आणि पुन्हा त्या तिवईवर बसत नाही. पाठ दुसऱ्यानं पुढे न्यायचा.

पहिल्याच वर्षात घोडा महिना आला.

"घोडा," बाबा म्हणाले. "उणा." आणि दिवस मोजू लागले. मी भोकं पाडत गेले. एकोणतीसपाशी मी गिरमिट खाली ठेवलं.

"तीस," बाबा म्हणाले.

उण्या महिन्याला तिसावा दिवस नसतो. लहानपणी मी कुडापलीकडे भाकऱ्या थापायची आणि अलीकडे सहा मुलं हाच पाठ घोकायची. घोडा, उणा, एकोणतीस. तेरा वर्षं ऐकलं होतं.

टोकलं तर बाबा उठणार. मग पुढे नेणारं कोणी नाही, पत्रा पहिल्याच वर्षावर अडणार आणि उरलेला पाठ बाबांबरोबर चितेवर जाणार. नाही टोकलं तर सगळ्या टोळीचे सण दर वर्षी एकेक दिवस सरकत जाणार, तेही काशात कोरून.

बाबा थांबले होते. "झालं का गं?"

"तेल घेते, बाबा," मी म्हणाले. आणि तिसावं भोक पाडलं.

वाटलं, जीभ घसरली असेल. दुसऱ्या वर्षी पुन्हा घोडा, उणा, तीस. तिसऱ्या वर्षी तेच. पाचही वर्षांत तेच. दर वेळी मी पाडलं.

मधे एकदा ब्रिक्कोस आला. पांढरा रोमी झगा सावरत दारातच उभा राहिला, कारखान्यात काजळी असते म्हणून.

"काका, सणाआधी होईल ना? देवळातली भिंत राखून ठेवलीय. शेजारी रोमी पंचांग लागतंय."

"ते कोणी आणलं?"

"मीच."

"वा रे ठिपक्या. एक हात इकडे, एक तिकडे. मधे कोण आहे?"

"मधे मी, काका. दोन्हीकडची बोलणी खातो." मग माझ्याकडे वळून हळूच म्हणाला, "अक्का, काही राहिलं असेल तर आत्ताच सांग. एकदा भिंतीवर चढला की कोणी हात लावू देणार नाही."

"काही राहिलेलं नाही," मी म्हणाले.

शेवटचा महिना कोरून झाला त्या दुपारी बाबांनी पत्रा मांडीशी ओढायला लावला. डोळ्यांचं काम बोटांवर आलेलं. एकेका भोकावर बोट ठेवत, ओठ हलवत ते पुढे सरकत होते. मी कड्या घासत असल्याचं दाखवत होते. घोडा महिन्यापाशी बोट थांबलं. मागे गेलं. पुन्हा मोजत आलं.

"लितू. इथं एक भोक जास्त आहे."

"हो."

"मी म्हणालो?"

"पाचही वेळा."

बराच वेळ ते खोकत राहिले. मग म्हणाले, "तुला काय ठाऊक किती असतात ते?"

"कुडापलीकडे भाकऱ्या कोण थापायचं, बाबा?"

"सगळा येतो?"

"सगळा."

"म्हणजे शिकवलं सहांना आणि शिकली सातवी." ते हसले नाहीत. "टोकायचं होतंस."

"तुम्ही उठला असता."

"उठलो असतो. तू बसली असतीस."

ही गोष्ट माझ्या डोक्यातच आली नव्हती. बाबांना जपते आहे असं समजून मी तिवई रिकामी धरून चालले होते.

"बाई कशी बसेल?" मी म्हणाले.

"माझ्या गुरूची गुरू बाईच होती. दात नव्हते तिला, पण पाठ असा, की एक दिवस इकडचा तिकडे नाही."

"शिसं ओतून भोकं बुजवते, बाबा. पाचच आहेत."

"बुजवू नकोस. वर उणा लिहिलंयस ना?"

"लिहिलंय."

"मग राहू दे. बुजवलं की कोणी विचारणार नाही. वर उणा आणि खाली तीस, हे ज्याला खुपेल तो विचारत येईल. तुझ्याकडे येईल."

"आणि मी नसले तर?"

बाबा भिंतीला धरून उठले, तिवई पायानं माझ्याकडे सरकवली आणि राखेशेजारी जमिनीवर बसले, शिष्य बसतात तसे, पाय दुमडून. गुडघे वाजले.

"म्हण," ते म्हणाले. "पहिल्यापासून."

मी हात पुसले आणि बसले. पहिला महिना म्हटला, दुसरा म्हटला. घोडा महिना आला. घोडा, उणा, मी म्हणाले, आणि मोजत एकोणतीसपाशी आले. तिथं थांबून पुढचा महिना घेतला. बाबांची मान खाली होती. त्यांनी मला टोकलं नाही.

आई गेली ती घोडा महिन्यात, एकोणतिसाव्या दिवशी. त्या दिवसावर महिना संपवायला बाबांची जीभ तयार नव्हती.