अर्धा स्वर खाली

"अर्धा स्वर खालीच वाजवा," ऑर्गनच्या माडीवर चढून आलेले वेनरिख धाप आवरत म्हणाले. "वाद्यांशिवायचं गाणं संपेपर्यंत गायकवृंद सुरातून उतरणारच. त्यापाठोपाठ तुम्ही वरून खऱ्या पट्टीत सुरुवात केलीत, तर निरोपाच्या दिवशीच माझी शोभा व्हायची."

ऑर्गन वाजवणारी आल्मुट इस्टरनंतर या गावात रुजू झाली होती. आज नाही उतरले तर, असं तिने भीत भीत विचारलं.

"दोन वर्षं उतरताहेत. आज काय आभाळातून कुणी येऊन धरणार आहे त्यांना?"

बोलून गेल्यावर त्यांनी जीभ चावली. नोव्हेंबरातला मृतांचा रविवार होता, वर्षभरात गेलेल्यांना आठवण्याचा, आणि त्या दिवशी असं बोलू नये हे गावात शेंबड्या पोरालाही कळतं.

गॉटहोल्ड वेनरिख, म्हणजे सगळ्यांचे मास्तर, छत्तीस वर्षं या चर्चचे संगीतप्रमुख होते आणि आज निवृत्त होत होते. तरुणपणी मोठ्या शहरातल्या नाट्यगृहाच्या वाद्यवृंदापुढे उभे राहायचे, पण पाववाले, शिक्षिका आणि रेल्वेचे सिग्नलवाले यांच्याकडून गाऊन घेण्यात त्यांना जास्त गोडी वाटली आणि ते इथेच रमले. दर गुड फ्रायडेला शेजारच्या शहरातले वादक बोलावून ते वाद्यं आणि गळे एका हातावर तोलत. कान मोठा तिखट. जीभही काही कमी नव्हती.

या तिखट कानानेच घात केला. दुसऱ्या रांगेत तिसऱ्या जागी उभ्या राहणाऱ्या झोखेबाई, मास्तर आले त्या पहिल्या दिवसापासून बायकांच्या खालच्या स्वरात गायच्या. सत्तरीनंतर त्यांचा आवाज जरा कापायला लागला. अशा वेळी मास्तरांनी फुलं घेऊन घरी जायचं, कॉफी प्यायची आणि आता थांबा असं सांगायचं, ही तिथली रीत. पण तेव्हा मास्तर मोठ्या कार्यक्रमाच्या गडबडीत होते. त्यांनी तीन ओळींचं पत्र टाकलं. बाईंनी आपली गाण्याची वही तपकिरी कागदात बांधून परत पाठवली, सोबत एक शब्दही नाही.

त्याच हिवाळ्यात वृंद उतरायला लागला. वाद्यांशिवाय गाताना सूर थोडा ढळतोच, पण अर्धा स्वर म्हणजे फार झालं. मास्तरांनी पुरुषांना बोल लावला, थंडीला लावला, चर्चच्या नव्या फरशीलाही सोडलं नाही. बाईंना परत बोलवावंसं मनात यायचं, पण ताठा आडवा यायचा. गेल्या मार्चमध्ये बाई वारल्या.

वहीचा कागद त्यांनी सोडला तो आता कुठे, निवृत्तीआधी चर्चमधली आपली खोली रिकामी करताना. जिथे जिथे सूर घसरण्यासारखा होता, तिथे तिथे पेन्सिलीने बारीक लिहिलं होतं, 'इथे धरून ठेवायचं.' इतकी वर्षं आपला वृंद कुणी धरून ठेवला होता ते मास्तरांना त्या दिवशी कळलं. पण माफी मागायची कुणाची?

आणि महिनाभर आणखी एक चाललं होतं. दुसऱ्या रांगेत एका माणसापुरती फट राहायची. मास्तर सरकायला सांगायचे, बायका सरकायच्या, आणि गाणं संपता संपता फट पुन्हा तिथेच असायची.

"आम्ही कुठे हललो, मास्तर?" पोस्टातल्या लोबेकबाई म्हणाल्या होत्या. खरंच त्या हलल्या नव्हत्या, मास्तर नजर रोखून पाहत होते.

आज प्रार्थनेत पाळकांनी वर्षभरातल्या मृतांची नावं वाचली. प्रत्येक नावाला एक मेणबत्ती. इर्महिल्ड झोखे हे नाव शेवटून दुसरं आलं. मग मास्तरांनी नादकाटा गुडघ्यावर मारून सूर दिला.

वृंद गाऊ लागला आणि सूर घसरायचा तो पहिला उतार आला. तुटक्या पायरीवर पाय ठेवताना माणूस जसा आवरून घेतो तसे ते आवरून उभे राहिले. सूर ढळला नाही. दुसऱ्या उतारालाही नाही. सगळ्या गळ्यांच्या मधे एक जरासा कापरा, खालचा आवाज खुंट्यासारखा उभा होता. मास्तरांच्या अंगावर सरसरून काटा आला.

त्यापाठोपाठ दुसरी भीती. माडीवर आल्मुटची बोटं अर्धा स्वर खाली टेकलेली, आणि पाठमोरी बसलेली ती ऑर्गनवरच्या आरशात बघत फक्त त्यांच्या खुणेची वाट पाहत होती. ओरडून सांगण्याची सोय नव्हती. आपण यांच्यावर विश्वास ठेवला नाही, तेव्हाही नाही आणि आजही नाही, या विचाराने त्यांना रडू फुटायचं तेवढं राहिलं. शेवटचा स्वर त्यांनी ताणला, पण माणसांचा श्वास तो किती पुरणार. त्यांनी दोन्ही मुठी मिटल्या, वृंदाने थांबायची आणि ऑर्गनने सुरू व्हायची ती खूण.

सगळी तोंडं मिटली. त्यांनी एकेक चेहरा पाहिला.

आवाज थांबला नाही. त्या फटीतून तो तसाच येत राहिला, कापरा पण सरळ. माडीवरच्या आरशात आल्मुटने मान वर केली. तिची बोटं पट्ट्यांवरून सरकली आणि ऑर्गन खऱ्या सुरात, त्या आवाजाला धरून सुरू झाला.

तेव्हा मास्तरांनी डावा हात उचलला, फटीच्या दिशेने, आणि दोन बोटं हळूच मिटली. कुठल्याही गाणाऱ्याला थांबवताना मिटत तशीच. आवाज थांबला.

भाषणं झाली, मास्तरांना मोठा गुच्छ मिळाला. आल्मुट माडीवरून उतरली ती थेट त्यांच्याकडे आली.

"त्या बाई थांबल्या नाहीत म्हणून निभावलं, मास्तर. त्यांच्यावरूनच पट्टी धरली मी. कोण त्या?"

"झोखेबाई."

"अजून ओळख नाही झाली माझी. माझे आभार सांगा त्यांना."

"सांगतो," वेनरिख म्हणाले. "माझंही एक सांगायचं राहिलंय."

चर्च रिकामं झाल्यावर ते गुडघ्यावर हात ठेवून खाली वाकले आणि गुच्छ दुसऱ्या रांगेत तिसऱ्या जागी ठेवला.

"उशीर झाला, बाई," ते म्हणाले. "फुलं घेऊन तेव्हाच यायला हवं होतं."

एवढ्यात लोबेकबाई विसरलेले हातमोजे घ्यायला परत आल्या. मास्तर तोवर खांबाआड आले होते, ते त्यांना दिसले नाहीत. बाकावरचे मोजे उचलून त्या रांगेतून घाईने निघाल्या, आणि तिसऱ्या जागेपाशी अंग चोरून बाजूने गेल्या.

"जरा जाऊ द्या हं," सवयीने पुटपुटल्या, आणि मोजे घालत दाराबाहेर पडल्या.