मुलीच्या ताब्याची नोटीस

छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवणारी ती एकटीच बाई. जुन्या कारागिरांनी तिला बजावलं होतं, अक्षर बघायचं, अर्थ लावत बसायचं नाही. अर्थ लावणाऱ्याच्याच चुका होतात. त्या सोमवारी साप्ताहिकात छापायला एका वकिलाकडून आलेली नोटीस तिने तशीच झरझर जुळवली. पहिला छाप वाचायला घेतला आणि पायाखालची जमीन सरकली.

‘दिवंगत घड्याळजीच्या मृत्युपत्रानुसार त्याची आठ वर्षांची मुलगी गुरुवारपासून त्याच्या थोरल्या भावाच्या ताब्यात राहील.’

घड्याळजी तिचाच नवरा, महिन्यापूर्वी गेलेला. मुलगी तिचीच. आणि आख्ख्या नोटिशीत आईचा पत्ताच नाही!

ती धावत वकिलाकडे गेली.

“बाई, मूल बापाचं. तो देईल त्याचं,” वकील म्हणाला. “कायदाच आहे तसा.”

“आणि मी कोण?”

वकील कागद चाळत बसला.

बारा वर्षांचा संसार, आणि हा बाबा लेक परस्पर भावाला देऊन मोकळा! गेलेल्या माणसाला नावं ठेवू नयेत म्हणतात. तिने ठेवली, अगदी तोंड भरून.

मग छापखान्यात येऊन तिने नोटिशीखाली एक ओळ आपल्या मनाने जुळवली: ‘या मुलीची आई जिवंत आहे. हा कायदा ठाऊक नसलेल्या आयांनी गुरुवारी छापखान्यात यावे.’ मालकाने कपाळाला हात लावला, पण तोवर अंक घरोघरी पोचला होता.

गुरुवारी एकोणीस जणी आल्या. दाई, धोबीण, शाळामास्तरीण, खुद्द वकिलाची बायको. एकीलाही हे ठाऊक नव्हतं. दाई तर ओरडलीच. “अगं, मी शेकडो बाळं आयांच्या हातात दिली!”

तेवढ्यात थोरला दीर शिपायाला घेऊन आला. मुलगी आईच्या पदराला घट्ट धरून उभी होती. बायकांच्या घोळक्यातून त्याचीच बायको पुढे झाली.

“तू? इथे?”

“एकच विचारायचंय,” जाऊबाई म्हणाली. “उद्या तुमचं काही बरंवाईट झालं, तर आपल्या तिघी मुली कोणाच्या?”

“मी ज्याला देईन त्याच्या,” तो सवयीने बोलून गेला.

जाऊबाई त्याच्याकडे बघतच राहिली. सोळा वर्षांत तिने हा माणूस असा कधी पाहिलाच नव्हता. मग तिने पदर खोचला आणि ती मुलीच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली.

“आधी मला ओलांडा,” ती म्हणाली. मागे अठरा जणी उठल्या.