मिक्सरमागचा स्लाइस

मी ब्रेडचा एक स्लाइस बोलतोय. वय चार दिवस. चार दिवसांच्या जिवानं आत्मवृत्त सांगायला बसावं, हे हसण्यासारखंच आहे. हसून घ्या. पण ज्या घरात मी हे दिवस काढले, तिथली साठीची माणसं येईल त्याला धरून आपली आत्मवृत्तं ऐकवतात, आणि त्यांत माझ्याइतकंही काही घडलेलं नसतं.

माझा जन्म बेकरीतला, बुधवारच्या पहाटेचा. लोणी, अंडी, दूध घालून मळलेलं पीठ, म्हणजे तसे आम्ही खात्यापित्या घरचे. भट्टीतून निघालो तेव्हा मी अख्ख्या पावाच्या पोटात होतो, अजून वेगळा झालो नव्हतो. फळीवर मांडल्यापासून येणारा-जाणारा आम्हाला बोटानं दाबून बघत होता. बोट आत रुतलं की गिऱ्हाईक खूश. माणसांना ब्रेड आणि मुलं, दोन्ही दाबली की दबणारी लागतात.

दुपारी एक पोरगी आली. तिनं दाबलं नाही. म्हणाली, "हा न कापता द्या. मला शिळा करायचाय."

बेकरीवाल्या बाई हसल्या. "शिळा होईल म्हणून भांडणारे रोज येतात गं. शिळा करायला नेणारी तू पहिलीच."

पोरीनं तिसऱ्या वर्षात कॉलेज सोडलं होतं. हे मला घरी गेल्यावर कळलं, तेही उशिरा, कारण त्या घरात 'सोडलं' हा शब्द कुणी उच्चारत नाही. आई फोनवर सांगते, "सध्या ब्रेक घेतलाय तिनं." बाबा काहीच सांगत नाहीत. ते वर्तमानपत्राची घडी इतक्या जोरात घालतात की बातम्यांना कळ लागावी.

गुरुवारी जेवताना विषय निघाला. मी डब्यात होतो, झाकण अर्धवट होतं, सगळं ऐकू येत होतं.

"रविवारी सर येतायत. ब्रंचला," बाबा म्हणाले.

ब्रंच म्हणजे नेमकं काय, हे बाबांना ठाऊक नव्हतं. पाहुण्यांना साडेअकराला बोलावलं की धड नाश्ताही करावा लागत नाही आणि धड जेवणही, एवढा अर्थ मात्र त्यांनी बरोबर काढला होता. सर म्हणजे पोरीच्या कॉलेजचे प्राचार्य. बाबांचे शाळेतले वर्गमित्र. बाबांच्या वहीतून उतरवून ते गणितात पास झाले, असं आईच सांगते. तरी त्यांना 'सर' म्हणतात ते बाबाच.

"पुन्हा प्रवेशाचा अर्ज घेऊनच येतील. सोमवार शेवटचा. त्यांच्यासमोर सही कर आणि विषय संपव."

"सोमवारी सकाळी सहाला मला कॅफेत जायचंय. त्यांनी मला स्वयंपाकघरात घेतलंय."

"भांडी घासायला?"

"भांडी घासून झाली दोन महिने. आता तव्यावर. तुम्हाला वाटत होतं मी लायब्ररीत जाते."

आईच्या हातातला चमचा ताटात पडला. बाबा बराच वेळ घास चावत राहिले. वरण चावायला एवढा वेळ का लागावा, कोण जाणे. मग म्हणाले, "ठीक आहे. रविवारी तूच कर काय ते. सरांनी दुसऱ्यांदा मागून घेतलं, तर अर्ज मी स्वतः फाडीन. नाही मागितलं, तर गुपचूप सही करायची."

"शब्द?"

"बापाचा शब्द आहे. चेष्टा वाटली काय?"

बाबा एवढे छाती काढून बोलले, कारण त्यांना एक गोष्ट पक्की माहीत होती. सर कुणाच्याही घरी दुसऱ्यांदा घेत नाहीत. त्याला ते व्यक्तिमत्त्व म्हणतात.

शनिवारी संध्याकाळी पोरीनं आम्हाला कापलं. दोन बोटं जाडीचे आठ स्लाइस. तारेच्या जाळीवर उघडे मांडले आणि आईला बजावलं, "यांना झाकू नकोस, हात लावू नकोस. वाळू देत. ताजा ब्रेड दूध पितो आणि झोपतो. शिळा ब्रेड दूध पितो आणि उभा राहतो."

"शिळं घालणार सरांना?" आईनं डोळे मोठे केले.

"फ्रेंच टोस्ट शिळ्याचाच होतो, आई. ताज्याची खीर होते."

आयुष्यात प्रथमच कुणीतरी माझ्या वाळण्याचं कौतुक केलं. मी रात्रभर मन लावून वाळलो.

रविवारी सकाळी पोरगी फळं आणायला बाजारात गेली, आणि बाबा स्वयंपाकघरात आले. उघडे स्लाइस बघून त्यांनी कपाळाला हात लावला. मग तेच केलं जे सगळे करतात, म्हणजे बोटानं दाबलं. बोट रुतेना.

"दगड झालाय नुसता! आणि हा सरांच्या पानात वाढणार? अब्रू काढायची ठरवलीय हिनं."

त्यांनी एका हातानं जाळी उचलली आणि कचऱ्याच्या डब्यावर उलटी केली. माझी सात भावंडं गेली. मी कडेला होतो. जाळी तिरकी झाली तशी घसरलो आणि ओट्यावरच्या मिक्सरमागे पडलो. तिथे एक सुकलेली लसणीची पाकळी आणि हरवलेलं चहाचं गाळणं होतं. आम्ही तिघं गप्प पडून राहिलो. मला एकच गोष्ट कळेना. माणूस कडक झाला, दबेनासा झाला, त्याच त्या गोष्टी पाचव्यांदा सांगायला लागला, की त्याला बैठकीत मधली खुर्ची देतात. ब्रेडनं मात्र चार दिवसांत मान टाकायची.

बाबांनी जाऊन प्लॅस्टिकच्या पिशवीतला पांढराशुभ्र, उशीसारखा ब्रेड आणला. जाळीवर नीट रचून ठेवला. या कामाचा त्यांना इतका अभिमान वाटला की त्यांनी स्वतःचा चहा स्वतः करून प्यायला.

पोरगी अकराला परतली. पिशवी खाली ठेवली आणि जागच्या जागी थांबली.

"बाबा, इथले स्लाइस?"

"टाकले. शिळे होते."

"शिळेच हवे होते!"

"पाहुण्यांना शिळं वाढायची आपल्या घराची रीत नाही. ताजा आणलाय, बघ किती मऊ आहे."

पोरीनं घड्याळ पाहिलं. ओव्हनचं दार उघडलं. ताजा ब्रेड मंद आचेवर वाळवता आला असता. पण ओव्हनमध्ये तीन कढया, सगळी झाकणं आणि एक केकचा साचा राहत होता. ओव्हन स्वतः तीन वर्षांपूर्वीच वारला होता, सुतक मात्र कुणी पाळलं नव्हतं.

ती हरली नाही. अंडी फोडली, दूध ओतलं, साखर, चिमूटभर मीठ, दालचिनी, व्हॅनिला. सगळं एकजीव फेटून परातीत काढलं. स्ट्रॉबेरी चिरून साखरेत मुरत ठेवली, केळ्याच्या चकत्या केल्या, संत्र्याच्या फोडी पापुद्रा काढून सोलल्या. आईला म्हणाली, "ताजा ब्रेड नुसता बुडवायचा आणि लगेच काढायचा. एकेक करून मीच करते." तेवढ्यात बेल वाजली.

"अगं, ये बाहेर! सर आलेत!" बाबांची हाक. "आधी दोन मिनिटं बस समोर."

दोन मिनिटांची बारा झाली. बाहेर सर शिस्तीवर बोलत होते. आत आईला राहवेना. लेकीला हातभार म्हणून तिनं ताज्या ब्रेडचे सगळे स्लाइस एकदम परातीत घातले आणि वरून हातानं हळूच दाबले. चांगले भिजावेत म्हणून.

पोरगी धावत आत आली. उलथनं घालून एक स्लाइस उचलला. अर्धा वर आला, अर्धा परातीतच राहिला. दुसरा उचललाच जाईना.

"छान मुरलेत ना?" आई म्हणाली. मग लेकीचा चेहरा बघून आवाज खाली गेला. "मी बिघडवलं का गं?"

"नाही आई. बिघडवलं बाबांनी. तू फक्त भिजवलंस."

ती क्षणभर ओट्याला टेकून उभी राहिली. बाहेरून बाबांचा हसण्याचा आवाज येत होता, सोमवारची सही झाल्यासारखा. मग, निदान तो लगदा घुसळून काहीतरी करावं म्हणून असेल, तिनं मिक्सर पुढे ओढला.

मी दिसलो.

"अगं बाई," ती म्हणाली. एवढंच. मला उचललं, फुंकर मारली, उलटून-पालटून पाहिलं. दाबून नाही पाहिलं. परात तिरकी करून कडेला जमलेलं दूध-अंडं एका खोलगट ताटलीत काढलं आणि मला त्यात निजवलं. एक बाजू दोन मिनिटं, दुसरी दोन मिनिटं. मी प्यायलो. पोटभर प्यायलो आणि ताठ राहिलो.

तवा मंद होता. लोण्याला फेस आला होता. खोटं कशाला बोलू, चटका बसला. पण कडा सोनेरी व्हायला लागल्या तशी पोरीच्या कपाळावरची आठी सुटत गेली, ती मला खालून दिसत होती. उलटलं, पुन्हा तेवढाच वेळ. बशीत काढून वर स्ट्रॉबेरी, केळं, संत्रं, त्यावर मधाची धार. आई म्हणाली, "किती गोजिरा दिसतोय!" असं काही ऐकायला माझ्याकडे आता फार वेळ उरला नव्हता, म्हणून नोंदवून ठेवतो.

"एकच?" बशी बघून बाबा कुजबुजले.

"एकच आहे. सरांना."

सरांचं शिस्तीवरचं बोलणं चालूच होतं. "आजच्या पिढीला चिकाटी नाही. चिकाटी म्हणजे..." असं म्हणत त्यांनी काट्यानं माझा कोपरा तोडला आणि तोंडात टाकला. चिकाटी म्हणजे काय, ते आजतागायत कुणाला कळलेलं नाही.  सरांनी दुसरा तुकडा तोडला. तिसऱ्याबरोबर स्ट्रॉबेरीचा रस बशीत पुसून घेतला. अर्धा मी गेलो, आणि भरल्या तोंडानं सर म्हणाले, "आणखी एक आण गं. ते लाल जरा जास्त घाल."

 आईनं दारातच पदर तोंडाला लावला.

"बाबा, अर्ज," पोरगी म्हणाली.

"अर्जाचं काय?"

"फाडायचा होता."

"मी आणलेला अर्ज? तो का फाडायचा?" सरांनी विचारलं. पोरीनं सांगितलं. पैज, बापाचा शब्द, सोमवार, कॅफे, सगळं. आवाज न चढवता.

सरांनी काटा खाली ठेवला. घास गिळला. चष्मा सारखा केला. आणि मला स्पष्ट दिसलं, माणूस घशाखाली उतरला आणि प्राचार्य वर आला.

"छे छे. मी आपलं कौतुक म्हणून बोललो. मुलांना उत्तेजन द्यावं लागतं. तसं मी कुणाकडे दुसऱ्यांदा घेत नाही. विचार बाबांना."

"तेच सांगतोय मी!" बाबा जवळजवळ उठले. "सर कधीच घेत नाहीत."

"तेव्हा ते मी मागे घेतो," सर म्हणाले आणि बशी चार बोटं दूर सारली. आयुष्यात प्रथमच पाहिलं, भूक मागे घेता येते.

पोरीनं एप्रन सोडला. दोघांकडे आळीपाळीनं पाहिलं. मला वाटलं आता रडेल. ती हसली.

"सर, तुम्ही मागितलंत. मी ऐकलं, आईनं ऐकलं. बाबा, अर्ज नका फाडू, ठेवा जपून. सही मात्र होणार नाही. आणि उद्या पाचचा गजर लावणारेय. आवाज होईल, रागावू नका."

ती आत गेली. "ऐक जरा, थांब, सरांसमोर हे काय..." करत बाबा अर्ज आणि पेन घेऊन मागोमाग गेले. आई सगळ्यात शेवटी वळली. जाताना बाबांना म्हणाली, "अहो, शब्द तुमचा होता." संसाराच्या तेहतीस वर्षांत ती एवढं पहिल्यांदाच बोलली असावी, कारण बाबा दारातच अडखळले.

आता टेबलापाशी सर आणि मी, दोघंच. मी अर्धा. अंगावर दोन स्ट्रॉबेरी आणि केळ्याची एक चकती. सर दाराकडे बघतायत. खिडकीकडे बघतायत. चार बोटं दूर सारलेली बशी तीन बोटांवर आलीय, दोनवर, एकावर.

दारात बाबा परत आलेत, हातात कोरा अर्ज. सरांना ते दिसलेले नाहीत. बाबांना मात्र सर दिसतायत. बाबा आता काय करतील, ते बघायला मी असणार नाही.

तेव्हा घाईघाईत एकच मागणं. कुणी जीव ओतून खाऊ घातलं, तर 'छान' म्हणायचं ते घास तोंडात असतानाच म्हणा. गिळलं की मोठ्या माणसांचं मत बदलतं.

अंगावर काटा येतोय. खराखुरा. येतो मी.